वाक्याची फोड

मोबाइलवर मराठीत लिहायला घेतले की पुढचा शब्द तोच सुचवतो. इंग्रजी मजकुराचे मराठी भाषांतर क्षणात समोर येते, आणि बऱ्याचदा ते चक्क वाचण्यासारखे असते. मग एक प्रश्न हमखास विचारला जातो: याला मराठीचे व्याकरण कोणी शिकवले? आपण शाळेत नाम, विभक्ती, प्रयोग घोकले, तसे या यंत्राकडून कोणी घोकून घेतले का? की व्याकरण न शिकताही त्याचे काम चालते?

दोन्ही वाटा चोखाळून झाल्या आहेत. आधी काही दशके माणसाने संगणकाला नियम शिकवले, नंतर त्याच्यापुढे वाक्यांचे ढीग ओतले. हा प्रवास आपण मराठी वाक्ये हाती घेऊन करू. या विषयावरची बहुतेक पुस्तके इंग्रजी वाक्यांवर बेतलेली असतात, त्यामुळे मराठीत नेमकी गाठ कुठे बसते ते त्यांत दिसत नाही.

1. सहा नियम

7 जानेवारी 1954. न्यूयॉर्कमध्ये आयबीएमच्या कार्यालयात पत्रकारांसमोर एक प्रयोग झाला. जॉर्जटाउन विद्यापीठ आणि आयबीएम यांनी मिळून तो बसवला होता. छिद्रे पाडलेल्या कार्डांवरून साठाहून अधिक रशियन वाक्ये यंत्रात गेली आणि इंग्रजीत होऊन बाहेर आली. यंत्राकडे शब्द होते 250 आणि व्याकरणाचे नियम फक्त सहा. प्रयोगकर्त्यांनी तीन ते पाच वर्षांत मोठी मजल मारण्याची भाषा केली.

वाक्ये अर्थातच निवडून घेतलेली होती. ती बाजूला ठेवून रोजच्या मजकुराकडे वळताच सहाचे साठ, साठाचे सहाशे नियम झाले, तरी भाषांतर सुधरेना. 1966 साली अमेरिकन सरकारने नेमलेल्या समितीने प्रतिकूल अहवाल दिला आणि या कामाचा पैसा आटला.

अडले कुठे? नियम कमी पडले हे खरे, पण मूळ अडचण वेगळी होती. भाषेत जागोजाग एकाच रूपाचे अनेक अर्थ निघतात आणि माणसाला त्याची जाणीवही होत नाही. आपण योग्य अर्थ इतक्या सहज उचलतो की बाकीचे अर्थ तिथे होते हेच कळत नाही. संगणकाला मात्र ते सगळे दिसतात.

2. तीन शब्दांचे वाक्य

'वाटा' हा साधा शब्द घ्या. डोंगरातल्या वाटा. जमिनीतला वाटा. पेढे वाटा. चटणी वाटा. पहिले नाम, स्त्रीलिंगी अनेकवचनी. दुसरे नामच, पण पुल्लिंगी एकवचनी. पुढची दोन्ही क्रियापदे, आज्ञार्थी, आणि त्यांचा एकमेकांशी अर्थाने काही संबंध नाही. संगणकाच्या कोशात या एका शब्दापुढे चार नोंदी लागतात, आणि प्रत्येक वेळी त्यांतली एक निवडावी लागते.

म्हणून वाक्य हाती आले की पहिले काम असते प्रत्येक शब्दाची जात ठरवण्याचे. हे काम कसे चालते ते एका छोट्या वाक्यावर पाहू:

वेळेवर कर भर.

'कर' म्हणजे सरकारला द्यायचा पैसा, जरा ग्रांथिक मराठीत हात, किंवा 'करणे'चे आज्ञार्थी रूप. 'भर' म्हणजे 'भरणे'चा आज्ञार्थ, किंवा 'या मुद्द्यावर भर दिला' यातले नाम. तीन गुणिले दोन, म्हणजे सहा जोड्या झाल्या. 'वेळेवर'ला आपण हातही लावलेला नाही.

आता चाळायला सुरुवात करू. मराठी वाक्यात मुख्य क्रियापद बहुधा शेवटी येते, तेव्हा 'भर' हे क्रियापद. साध्या वाक्यात मुख्य क्रियापद एकच असते, तेव्हा 'कर' हे नाम. सहातून दोन जोड्या उरल्या: पैसा भर किंवा हात भर. इथे व्याकरण थांबते. दोन्ही नामे, दोन्ही पुल्लिंगी, त्यांच्यात निवड करायला व्याकरणाकडे काहीही नाही. ती निवड होते अनुभवाने. छापील मराठीत 'भरणे' या क्रियापदाच्या शेजारी येणारा 'कर' जवळजवळ नेहमीच पैशांचा असतो. संगणकाने लाखो वाक्ये मोजली असतील तर हे त्याला कळते, नसतील तर त्याचे घोडे अडते.

तीन शब्दांच्या वाक्यातही निम्मे काम नियमाचे आणि निम्मे मोजणीचे आहे. पुढे सगळीकडे हीच विभागणी पुन्हा भेटेल.

3. शब्दाच्या पोटातले व्याकरण

इंग्रजीच्या वाक्यात शब्द सुटे असतात आणि त्यांच्या क्रमात बरेचसे व्याकरण असते. मराठीत ते मोठ्या प्रमाणात शब्दाच्या पोटात शिरलेले असते. 'घरासमोरच्यांनीसुद्धा गाडी हलवली नाही' यातला पहिला शब्द पाहा. घर, त्याचे सामान्यरूप घरा, मग समोर, मग 'चा' बदलून च्या, मग अनेकवचनाचा अनुस्वार आणि नी, शेवटी सुद्धा. इंग्रजीला याच अर्थासाठी सात सुटे शब्द खर्चावे लागतात. कोशात हा शब्द सापडणार नाही, सापडायचे कारणही नाही, कारण असे शब्द आपण बोलता बोलता घडवतो.

म्हणजे कोशाआधी फोड हवी. या फोडीचा कार्यक्रम (प्रोग्रॅम) एखाद्या रेल्वेमार्गासारखा रचतात. 'नाम' हे पहिले स्थानक. तिथून पुढे 'सामान्यरूप', तिथून शब्दयोगी अव्ययाकडे एक फाटा आणि थेट विभक्तीकडे दुसरा. शब्दयोगीवरून 'चा'कडे, 'चा'वरून पुन्हा विभक्तीकडे, आणि शेवटी 'च', 'सुद्धा', 'ही' यांचे टोकाचे स्थानक. रूळ एकाच दिशेने जातात, म्हणून 'घरासुद्धासमोर' ही गाडी निघूच शकत नाही. शिवाय प्रत्येक स्थानकावर उतरायला परवानगी नसते: 'घरासमोर'वर उतरता येते, नुसत्या 'घरा'वर उतरता येत नाही. संगणक शब्द एकेका अक्षराने वाचत या रुळांवरून पुढे जातो. उतरण्याजोग्या स्थानकावर अक्षरे संपली तर शब्द शुद्ध, आणि कोणत्या मार्गाने आला तीच त्याची फोड.

अवघड भाग पुढेच आहे, कारण प्रत्यय लागताना मूळ शब्द आपले रूप बदलतो. दूध, पण दुधाला. फूल, पण फुलाला. माणूस, कापूस यांतला दीर्घ ऊ नाहीसा होऊन माणसाला, कापसाला. पाऊसचा ऊ मात्र नाहीसा न होता त्याचा व होतो: पावसाला. शुद्धलेखनाचे जे नियम शाळेत जाच वाटतात, ते इथे कार्यक्रमाच्या कामाच्या ओळी होतात.

1983 साली किमो कोस्केनिएमी या फिनलंडच्या संशोधकाने यावर एक देखणा उपाय मांडला. फिनिश भाषाही प्रत्ययांवर प्रत्यय चढवणारी आहे. त्याने शब्दाच्या दोन ओळी कल्पिल्या: वर मूळ घटक, खाली प्रत्यक्ष लिहिलेले रूप. नियम फक्त एवढेच सांगतात की वरच्या कोणत्या अक्षराखाली कोणते अक्षर चालते. त्यामुळे तेच नियम दोन्ही दिशांनी वापरता येतात. वरून खाली आलात तर शब्द घडतो, खालून वर गेलात तर त्याची फोड होते.

आता 'पावसाला' संगणकाला दिला. 'ला' काढला, 'पावसा' उरले. हे पाऊसचे रूप की पावसचे? रत्नागिरीजवळ पावस नावाचे गाव आहे. कोकणातला माणूस क्षणभरही अडखळत नाही, कारण गावाला जायचे तर तो 'पावसला' म्हणतो, 'पावसाला' म्हणत नाही. अकारान्त ग्रामनामांना 'ला' लागताना बहुधा सामान्यरूप होत नाही: नाशिकला, नागपूरला. पण 'त' लागला की त्याच नागपूरचे 'नागपुरात' होते. म्हणजे विशेषनामांसाठी वेगळे रूळ टाकायचे, आणि तेही प्रत्ययागणिक वेगळे. मोरो केशव दामल्यांनी 1911 च्या 'शास्त्रीय मराठी व्याकरणा'त सामान्यरूपांचा जो पसारा मांडला, त्याचे मोल असा कार्यक्रम लिहायला बसल्यावर खऱ्या अर्थाने कळते. त्यांनी नोंदवलेला प्रत्येक अपवाद इथे उपयोगी पडतो.

4. जुने काय, शाळा की इमारत?

शब्द फोडून झाले. आता त्यांची जुळणी.

'जुन्या शाळेची इमारत' म्हटले की शाळा जुनी. 'शाळेची जुनी इमारत' म्हटले की इमारत जुनी. 'जुन्या' आणि 'जुनी' या रूपांनीच विशेषण कोणाचे ते सांगून टाकले. ही मराठीची मोठी सोय आहे. आता शेवटी 'त' लावा: 'जुन्या शाळेच्या इमारतीत'. सोय गेली. शाळेचेही सामान्यरूप झाले, इमारतीचेही, आणि 'जुन्या' दोघींनाही चालते. विशेषण 'सुंदर' किंवा 'लाल' असते तर ते कुठेच बदलत नाही, म्हणजे ही सोय मुळातच नव्हती.

संगणकाला ही जुळणी शिकवायची तर नियम लागतात. नोम चॉम्स्की यांच्या 1957 च्या 'सिंटॅक्टिक स्ट्रक्चर्स' या छोटेखानी पुस्तकानंतर अशा नियमांना काटेकोर रूप आले. आपल्या उदाहरणापुरते तीन नियम पुरेत. नामगट म्हणजे एकटे नाम. किंवा विशेषण आणि त्यापुढे नामगट. किंवा नामगट, 'चा' आणि त्यापुढे दुसरा नामगट. यांतून दोन्ही वाचने निघतात:

[जुन्या शाळेच्या] इमारतीत
जुन्या [शाळेच्या इमारतीत]

'नामगट'च्या व्याख्येत पुन्हा 'नामगट' आला आहे, हे लक्षात घ्या. मोजक्या नियमांतून अमर्याद वाक्ये निघतात ती याच रचनेमुळे. पण संगणकाची डोकेदुखीही तिच्यातूनच सुरू होते. 'राज्य मराठी विकास संस्था' या नावात चार शब्द आहेत. दोन-दोनची जोडी लावत ते पाच प्रकारे बांधता येतात. 'राज्य मराठी' आधी जोडून मग 'विकास संस्था' जोडली तर भलताच अर्थ निघेल. आपण आधी 'मराठी विकास', मग 'संस्था', मग 'राज्य' अशी बांधणी करतो आणि त्याचा विचारही करत नाही. शब्द पाच झाले की प्रकार 14 होतात, सहा झाले की 42, आणि दहा शब्दांना 4,862.

लांब वाक्यात प्रत्येक प्रकार स्वतंत्रपणे तपासायचा तर संगणकाचाही दम निघेल. 1960 च्या दशकात कॉक, यंगर आणि कासामी या तिघांनी एकमेकांपासून स्वतंत्रपणे यावर सारखीच युक्ती काढली. एक तक्ता आखायचा. त्यात आधी शेजारच्या दोन-दोन शब्दांची जोडणी लिहायची, मग तीन-तीन शब्दांची, मग चारांची. 'मराठी विकास' हा गट होतो हे एकदा लिहिले की मोठ्या गटासाठी ते पुन्हा काढायचे नाही, तक्त्यातून उचलायचे. बांधणीचे प्रकार हजारोंनी वाढले तरी तक्ता आवाक्यात राहतो. पण त्यांतला खरा प्रकार कोणता, हे तक्ता सांगत नाही.

5. क्रियापद आणि त्याचे गणगोत

वर पाहिलेली कंसांची पद्धत इंग्रजीला चपखल बसते. मराठीत मात्र 'मांजराने उंदीर पकडला' आणि 'उंदीर मांजराने पकडला' ही दोन्ही वाक्ये बिनचूक आहेत. शब्द जागा बदलतात, नाते बदलत नाही. मग कंस घालण्यापेक्षा नातीच थेट नोंदवली तर? क्रियापद मधोमध ठेवायचे आणि त्यातून प्रत्येक शब्दाकडे एक रेघ काढायची: हा कर्ता, हे कर्म, हे साधन. युरोपात लुसियें तेनिएर या फ्रेंच भाषावैज्ञानिकाने अशी मांडणी केली. त्याचे पुस्तक त्याच्या मृत्यूनंतर 1959 साली निघाले. आपल्याकडे याचा पाया पाणिनीच्या कारकविचारात आधीपासून होता.

कारक आणि विभक्ती यांत शाळेत आपला गोंधळ होतो, पण हा भेद फार कामाचा आहे. विभक्ती म्हणजे शब्दाला दिसणारा प्रत्यय. कारक म्हणजे शब्दाचे क्रियेशी असलेले नाते. 'आईने सुरीने फळ कापले' या वाक्यात 'ने' दोनदा आला, पण आई कर्ता आहे आणि सुरी करण, म्हणजे साधन. प्रत्यय एक, नाती दोन. संगणकाने नुसता 'ने' पाहून 'कर्ता' अशी खूण केली तर सुरीच फळ कापायला निघेल. म्हणून क्रियापदागणिक एक नोंद ठेवावी लागते: 'कापणे'ला कापणारा लागतो, कापायची वस्तू लागते, साधन असले तर असू शकते. कापणारा बहुधा सजीव असतो. या अटी लावल्या की आई आणि सुरी आपापल्या जागी बसतात.

'वाऱ्याने दार उघडले' या वाक्यात मात्र जाणकारांचेही एकमत होणार नाही. वारा कर्ता, साधन, की नुसते कारण? अशा वाक्यांना खुणा करायला दोन अभ्यासक बसवले तर वाद होतो, आणि मग निर्णय लिहून ठेवावा लागतो. खुणा करणाऱ्यांच्या हाती अशा निर्णयांची जी पुस्तिका असते, तेच माझ्या मते आज लिहिले जाणारे खरे व्याकरण आहे.

आयआयटी कानपूरमध्ये विनीत चैतन्य, राजीव संगल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 'अक्षर भारती' या सामूहिक नावाने कारकविचार भारतीय भाषांच्या संगणकीय विश्लेषणाला लावला. त्यावरचे त्यांचे पुस्तक 1995 साली आले. पुढे हैदराबादच्या ट्रिपल-आयटीमध्ये हिंदी वाक्यांवर ज्या खुणा झाल्या, त्यांत कर्त्याला 'के 1', कर्माला 'के 2', करणाला 'के 3' अशी चिन्हे आहेत. हा 'के' कारकाचाच.

इथे आणखी एका प्रश्नाचे उत्तर द्यायला हवे, कारण तो फार विचारला जातो: संस्कृत ही संगणकासाठी सर्वोत्तम भाषा आहे असे नासाने म्हटले आहे का? नाही. 1985 साली 'एआय मॅगझिन'मध्ये नासाच्या एम्स केंद्रात काम करणाऱ्या रिक ब्रिग्ज यांचा एक लेख आला. जुने नैयायिक आणि वैयाकरण वाक्याचा अर्थ ज्या पद्धतीने उलगडून लिहीत, ती पद्धत संगणकात ज्ञान साठवण्याच्या तेव्हाच्या पद्धतीशी जुळते, असा त्यांचा मुद्दा होता. तो एका संशोधकाचा लेख होता, नासाचा निर्वाळा नव्हता. या अफवेने पाणिनीवर अन्यायच होतो, कारण त्याचे खरे कर्तृत्व तिच्याहून मोठे आहे. सुमारे चार हजार सूत्रांत त्याने एक अख्खी भाषा घडवणारी यंत्रणा रचली, त्यात सूत्रांचा क्रम आणि कोणते सूत्र कोणाला बाधते याचेही नियम केले. संगणकाच्या भाषांचे व्याकरण लिहिण्याची पद्धत 1960 च्या सुमारास रूढ झाली, आणि 1967 साली पीटर इंगरमन यांनी तिला पाणिनीचे नाव जोडावे असे सुचवले होते.

6. खुणा केलेली वाक्ये

नियम लिहून खरा अर्थ निवडता येईना, तेव्हा उलट बाजूने सुरुवात झाली. माणसांनी हजारो वाक्यांची फोड हाताने करायची आणि संगणकाने त्यातून कोणती बांधणी किती वेळा आली ते मोजायचे. पेनसिल्व्हानिया विद्यापीठात 1989 नंतर अशा इंग्रजी मजकुराचे मोठे भांडार तयार झाले. त्यात एका आर्थिक दैनिकातलाच मजकूर दहा लाख शब्दांचा होता. 'जुन्या शाळेच्या इमारतीत'सारखे वाक्य आले की आता नियमांची भांडणे सोडवत बसायचे नाही, आधीच्या वाक्यांत काय झाले होते ते पाहायचे.

मराठीचे काय? अनेक भाषांच्या वाक्यांना एकाच पद्धतीने खुणा करण्याचा एक आंतरराष्ट्रीय प्रकल्प आहे, 'युनिव्हर्सल डिपेंडन्सीज'. त्यात मराठीचा संग्रह 2017 च्या सुमारास आला, तेव्हा त्यात गोष्टींतली वाक्ये होती, आणि तीही पाचशेच्या आत. दहा लाख शब्द एकीकडे आणि चार हजारांच्या आतबाहेर शब्द दुसरीकडे. आपल्या भाषेचे व्याकरण इतक्या बारकाईने लिहिले गेले असताना अशी वाक्ये इतकी थोडी असावीत, याची मला मनापासून खंत वाटते. हे काम यंत्रांच्या शर्यतीतले नाही. मराठी उत्तम जाणणाऱ्या, व्याकरणाची गोडी असलेल्या माणसांनी बसून करायचे ते काम आहे.

आजची भाषा-प्रारूपे, म्हणजे पुढचा शब्द सुचवणारी यंत्रे, तर खुणाही मागत नाहीत. त्यांना नुसता मजकूर द्यायचा, भरपूर. पण मजकूर आत घेताना तीही शब्दाचे तुकडे करतात, आणि ते तुकडे व्याकरणाने पडत नाहीत. जो अक्षरगट मजकुरात वारंवार येतो, तो एक तुकडा. बहुतांश मजकूर इंग्रजी असेल तर मराठी शब्दाची खांडोळी होते. संगणकात साठवताना देवनागरीचे प्रत्येक चिन्ह सहसा तीन बाइट घेते, म्हणून 'घरासमोरच्यांनीसुद्धा' या वीस चिन्हांच्या शब्दाला 60 बाइट लागतात. सामान्यरूप कुठे संपले आणि 'समोर' कुठे सुरू झाले, हे त्या प्रारूपाला कोणी सांगत नाही. ते त्याने स्वतः हुडकले तर हुडकले.

7. व्याकरण येते की पाठांतर?

हुडकले की नाही हे तपासण्याची एक साधी रीत आहे. 'मुलाने भाकरी खाल्ली' यात क्रियापद भाकरीच्या लिंगाने चालते, लाडू असता तर 'खाल्ला' झाले असते. 'मुलाने मांजरीला पकडले' यात कर्मालाही प्रत्यय लागला, तेव्हा क्रियापद कोणाकडेच न पाहता नपुंसकलिंगी एकवचनी राहते. प्रत्यय नसलेले नाम शोध, क्रियापद त्याच्याशी जुळव, ते नसेल तर नपुंसकलिंग घे, असा हा नियम.

आता मध्ये शब्द घालू: 'शेजारच्या काकूंनी दिलेली भाकरी मुलाने गुळाच्या खड्याबरोबर ...' जो फक्त जवळचा शब्द पाहतो, तो मुलगा, गूळ, खडा या पुल्लिंगी नामांपाशी फसेल. 'खाल्ली' यायचे तर मागे भाकरीपर्यंत जावे लागते. तरी शंका उरते, कारण भाकरी आणि खाणे यांचा शेजार नेहमीचा आहे. मग वाक्य निरर्थक करायचे: 'ढगांनी दिलेली खुर्ची डोंगराने दिव्याबरोबर ...' असे वाक्य कुठेही छापलेले नाही. इथेही यंत्राने 'खाल्ला'ऐवजी 'खाल्ली' निवडले तर मोजलेल्या शेजाराने ते निवडता आले नसते. 2018 साली इटालियन, इंग्रजी, हिब्रू आणि रशियन भाषांत अशीच निरर्थक वाक्ये रचून चाचणी झाली, आणि यंत्रे नुसत्या अंदाजाने साधेल त्याहून बरीच वर राहिली.

मराठीत अशी चाचणी रचणाऱ्याला आणखी खोल जाता येईल. 'मी भाकरी खाल्ली' यात 'मी'ला प्रत्यय दिसत नाही, तरी क्रियापद भाकरीचेच ऐकते. 'तिने धडा वाचला', पण 'ती धडा विसरली': सकर्मक असूनही विसरणे, शिकणे, बोलणे ही क्रियापदे भूतकाळात कर्त्याबरोबर जातात. आणि 'ती पाणी प्यायली' म्हणणारे आहेत, तसे 'तिने पाणी प्यायले' म्हणणारेही आहेत, तेव्हा तिथे दोन्ही उत्तरांना पूर्ण गुण द्यावे लागतील.